फोन शिरपुरात विकता, मग बॅटरी का नाही?

प्रति,
भारतात स्मार्टफोन विकणाऱ्या सर्व कंपन्यांचे सेवा विभागप्रमुख

महोदय, महोदया,



एक साधा प्रश्न विचारायला हे पत्र लिहितो आहे. फोनची बॅटरी उतरली, दुपारपर्यंतही टिकेना, किंवा फुगून मागचं झाकण उचलू लागली, तर ती बिनधोक कुठे बदलून घ्यायची? तुमचं छापील उत्तर आम्हाला पाठ आहे : ‘फक्त अधिकृत सेवा केंद्रातच.’ हे उत्तर खोटं नाही. पण ते ज्या पत्त्यावर लागू पडतं, तो पत्ता आमचा नाही.

आमचा पत्ता सांगतो. शिरपूर जैन, तालुका मालेगाव, जिल्हा वाशिम. शिरपूर म्हटलं की लोकांना धुळ्याचं आठवतं आणि मालेगाव म्हटलं की नाशिकचं, म्हणून जिल्ह्यासकट सांगावं लागतं. अंतरिक्ष पार्श्वनाथांच्या दर्शनाला गुजरात-राजस्थानातून, मुंबईतून यात्रेकरू येतात, ते हेच गाव. देवाची मूर्ती जमिनीला टेकत नाही म्हणून तिची ख्याती आहे. ग्राहकाला असं अधांतरी ठेवून मात्र कुणाची ख्याती झाल्याचं ऐकिवात नाही.

या गावात तुमचा फोन मिळतो. हप्त्यावर मिळतो, ऑनलाइन मागवला तर घरपोच येतो. चार्जर मिळतो, कव्हर मिळतं, काचेवर लावायचा कागद मिळतो. दुकानांच्या पाट्यांवर दुकानदाराच्या नावापेक्षा तुमचं नाव मोठं असतं. मिळत नाही ती एकच वस्तू : तुमची अस्सल बॅटरी. आणि फोनमध्ये वापराने हमखास झिजणारी वस्तू नेमकी तीच आहे. लिथियम-आयन बॅटरी काही शे वेळा पूर्ण चार्ज झाली की तिची क्षमता उतरते, हा बिघाड नव्हे, तिचा रसायनधर्म आहे. म्हणजे फोन विकतानाच तुम्हाला ठाऊक असतं की दोन-तीन वर्षांनी हा ग्राहक नव्या बॅटरीसाठी कुठेतरी जाणार आहे. तो कुठे जाणार, याचा विचार मात्र तुमच्या विक्रीच्या नकाशावर दिसत नाही.

आता तक्रारी एकेक करून मांडतो.

पहिली तक्रार अंतराची. काही कंपन्यांचं केंद्र वाशिमला आहे, काहींसाठी अकोला गाठावं लागतं. एसटीत बायकांना २०२३ पासून अर्धं तिकीट आहे, पण दिवस अर्धा जात नाही, पूर्ण जातो. सोयाबीन सोंगायच्या किंवा तुरीवर फवारणी करायच्या दिवसांत मजुरी बुडवून बॅटरीसाठी जिल्ह्याच्या ठिकाणी जा, हे सांगणं सोपं आहे. शिवाय फोन ही आता चैनीची वस्तू उरलेली नाही. १५ ऑगस्ट २०२१ पासून राज्यभर ई-पीक पाहणी सुरू झाली. शेतकऱ्याने स्वतः शेतात उभं राहून, फोनवर पिकाचा फोटो काढून सातबाऱ्यावर नोंद करायची. पीएम-किसानची ई-केवायसी ओटीपीवर, लाडक्या बहिणीची पडताळणी ओटीपीवर, बँकेचा निरोप ओटीपीवर. धुऱ्यावर उभं असताना वीस टक्क्यांवरून फोन एकदम बंद पडला तर ती नुसती गैरसोय नसते, नोंद राहून जाते. अशा घरात बहुधा एकच स्मार्टफोन असतो, हेही ध्यानात घ्या.

दुसरी तक्रार केंद्रात पोचल्यावरची. कंपनीचं नाव घेत नाही, कारण हा अनुभव एकाच कंपनीचा म्हणून सांगण्यात अर्थ नाही. काउंटरवर उत्तर मिळतं, ‘या मॉडेलची बॅटरी स्टॉकला नाही, मागवावी लागेल. फोन ठेवून जा.’ जॉबशीटवर सही घेतात, त्यात बारीक अक्षरात लिहिलेलं असतं की डेटा गेल्यास कंपनी जबाबदार नाही. मग लॉकचा पॅटर्न मागतात. ज्या फोनमध्ये बँक आहे, लेकीसुनांचे फोटो आहेत, तो उघडा करून चार-आठ दिवस ठेवून यायचा. सॅमसंगने २०२२ मध्ये मेंटेनन्स मोड आणला, गूगलने २०२३ च्या अखेरीस पिक्सेलमध्ये रिपेअर मोड दिला. फोन दुरुस्तीला देताना आपला खासगी मजकूर झाकून ठेवायची ती सोय आहे. ती असताना काउंटरवरच्या मुलाने स्वतःहून ‘आधी हा मोड चालू करा’ असं सांगितल्याचं मी कधी ऐकलं नाही. सोय करायची आणि सांगायची नाही, याला काय म्हणावं?

तिसरी तक्रार जरा जुनी आहे. २००७ च्या ऑगस्टमध्ये नोकियाने जाहीर केलं होतं की बीएल-५सी जातीच्या ४ कोटी ६० लाख बॅटऱ्या चार्ज होताना तापू शकतात, आपली बॅटरी तपासा, बदलून घ्या. तेव्हा लोकांनी काय केलं? नखाने मागचं झाकण काढलं, बॅटरी हातात घेतली, तिच्यावरचा नंबर वाचला. बॅटरी बदलणं हे कौशल्याचं काम नव्हतंच, सेल बदलण्याइतकं सोपं होतं. पुढे तुम्ही फोन पातळ केले, पाण्यापासून वाचवले आणि बॅटरी आत गोंदाने चिकटवून टाकली. पातळपणा आम्हालाही आवडला, नाही म्हणत नाही. पण जे काम ग्राहकाच्या नखाने होत होतं ते तुम्ही हीट गन, सक्शन कप आणि सवयीच्या हाताचं करून ठेवलं. मग तो सवयीचा हात आमच्या जवळपास असेल, ही जबाबदारी कुणाची?

चौथी तक्रार उन्हाची. ॲपल आपल्या आयफोनबद्दल सांगते की तो ० ते ३५ अंश तापमानात वापरावा. वाशिम-अकोल्याकडचा एप्रिल-मे आपण कधी पाहिला आहे का? दुपारी पारा चाळिशीच्या वर जातो. टिनाच्या छताखाली चार्जिंगला लावलेला फोन, मोटारसायकलच्या टाकीवरच्या पिशवीत ठेवलेला फोन, शर्टाच्या खिशात घामात भिजलेला फोन, हे इथलं रोजचं चित्र आहे. उष्णता हा या बॅटरीचा मोठा वैरी. तिच्यामुळे आतल्या द्रवाचं विघटन होऊन वायू साठतो आणि बॅटरी फुगते. म्हणजे बॅटरी लवकर खराब होण्याची शक्यता विदर्भात जास्त, आणि ती बदलायची सोय विदर्भाच्या खेड्यात कमी. हे गणित तुमच्या अभियंत्यांना समजावून सांगायची गरज नसावी.

पाचवी तक्रार सगळ्यात महत्त्वाची, म्हणून तिच्यावर जरा थांबतो. ती आमच्या गावातल्या रिपेअरिंगवाल्याबद्दल आहे. खरं तर त्याच्याबद्दल नाही, त्याच्याकडे बघण्याच्या तुमच्या दृष्टीबद्दल आहे.

तुमच्या सूचनांमध्ये तो ‘अनधिकृत’ असतो. त्याने फोन उघडला की वॉरंटी जाते. आयफोनमध्ये बाहेरची बॅटरी टाकली की पडद्यावर संदेश येतो, हा भाग अस्सल असल्याची खात्री पटत नाही. संदेश योग्यच आहे, ग्राहकाला कळायला हवं. पण त्या माणसाने अस्सल भाग आणायचा कुठून? तुम्ही त्याला विकत नाही. मग तो शहरातल्या घाऊक बाजारातून आणतो. तिथे माल तीन नावांनी मिळतो : डुप्लिकेट, फर्स्ट कॉपी आणि ‘ओरिजनल’. तिन्हींवर तुमचंच नाव छापलेलं असतं. त्यातला ‘ओरिजनल’ किती ओरिजनल, हे त्यालाही ठाऊक नसतं. तो गिऱ्हाइकाला सांगतो, ‘ओरिजनलच आहे भाऊ, सहा महिने गॅरंटी.’ यात तो दर वेळी फसवतो असं नाही, पुष्कळदा तोच फसलेला असतो.

धोका कुठे असतो तेही स्पष्ट लिहितो, म्हणजे आम्हाला काही समजत नाही असं वाटायला नको. बॅटरीच्या पुड्यात सेलच्या डोक्यावर एक छोटी संरक्षक पट्टी असते. जास्त चार्ज झालं, फार उतरलं किंवा शॉर्ट झालं की ती प्रवाह तोडते. हलक्या मालात ही पट्टी कमअस्सल असते. कधी जुन्याच सेलवर नवं वेष्टन चढवलेलं असतं. वर ५००० एमएएच छापलेलं आणि आत त्याच्या निम्मंही नाही, असाही माल असतो. माप थोडं मोठं असलं की बॅटरी दाबून बसवावी लागते. दाबण्याचे परिणाम काय होतात, हे तुम्हीच जगाला दाखवलं आहे. २०१६ मध्ये सॅमसंगला गॅलेक्सी नोट ७ चे सुमारे २५ लाख फोन परत बोलवावे लागले. पुढच्या जानेवारीत कंपनीने कारण सांगितलं : एका पुरवठादाराच्या बॅटरीत कोपऱ्याला जागा अपुरी पडून आतला थर वाकला, दुसऱ्याच्या बॅटरीत वेल्डिंगचे दोष राहिले. जगातल्या उत्तम प्रयोगशाळा हाताशी असताना हे घडलं. मग कुठला सेल, कुठली पट्टी, काहीच माहीत नसलेली बॅटरी शिरपूरच्या एखाद्या घरात रात्रभर उशाशी चार्ज होते, तेव्हा काय जोखीम असते याचा हिशेब तुम्हीच करा.

आणि तरीही मी आग्रहाने सांगतो की तो कारागीर आम्हाला हवा आहे. तो ओळखीचा आहे, उद्याही त्याच चौकात बसणार आहे, काम बिघडलं तर त्याला जाब विचारता येतो. त्यातले जाणते लोक फोन डोळ्यांदेखत उघडतात, बॅटरी पंचवीस टक्क्यांच्या खाली उतरल्याशिवाय हात लावत नाहीत, गोंद सोडवायला लोखंडी पातं न घालता प्लॅस्टिकची पट्टी वापरतात, जुनी बॅटरी गिऱ्हाइकाला दाखवतात. हे सगळं ते बघून-बघून शिकले. तुम्ही शिकवलेलं यात काहीच नाही. हात त्यांच्याकडे आहेत आणि अस्सल माल तुमच्याकडे. या दोन गोष्टी एका टेबलावर आल्या की बॅटरी बदलण्याची सुरक्षित जागा आपोआप तयार होते. काचेचं दार आणि एसी लावल्याने ती तयार होत नाही.

सहावी तक्रार काढून टाकलेल्या बॅटरीची. २०२२ च्या बॅटरी कचरा व्यवस्थापन नियमांनी जुन्या बॅटऱ्या गोळा करून पुनर्वापराला पाठवण्याची जबाबदारी उत्पादकांवर टाकली आहे. आमच्याकडे फुगलेली बॅटरी दुकानाच्या ड्रॉवरमध्ये, भंगारवाल्याच्या पोत्यात किंवा सरळ उकिरड्यावर जाते. उकिरडा पेटतो, त्यावर पोरं खेळतात. आत काय आहे म्हणून ती फोडून बघणाराही एखादा निघतोच. गोळा करणारी पेटी मी गावात पाहिलेली नाही.

तक्रारी संपल्या. आता मागण्या. एकही मागणी अशी नाही जी तुम्हाला परवडणार नाही, कारण यातल्या बऱ्याच गोष्टी तुम्ही दुसरीकडे करता आहात किंवा करायला बांधले गेला आहात. युरोपीय संघात २० जून २०२५ पासून विकल्या जाणाऱ्या स्मार्टफोनसाठी नियम लागू झाले. ८०० वेळा चार्ज होऊनही बॅटरीत किमान ८० टक्के क्षमता उरली पाहिजे. मॉडेलची विक्री थांबल्यानंतरही सात वर्षं महत्त्वाचे सुटे भाग मिळाले पाहिजेत, आणि ते बाहेरच्या व्यावसायिक कारागिरांनाही मिळाले पाहिजेत. तेच फोन, त्याच कंपन्या. जर्मनीतल्या कारागिराला जो भाग द्यायला तुम्ही तयार झालात, तो मालेगाव तालुक्यातल्या कारागिराला देताना अडचण कसली? आपल्याकडेही ग्राहक व्यवहार विभागाने २०२२ च्या डिसेंबरमध्ये ‘राइट टू रिपेअर’ पोर्टल सुरू केलं, आणि फोन किती दुरुस्त करता येण्याजोगा आहे हे ग्राहकाला आकड्यात कळावं म्हणून निर्देशांकाचं कामही हाती घेतलं. कायद्याने भाग पाडेपर्यंत थांबायचं की आधीच पुढे यायचं, एवढाच प्रश्न तुमच्यापुढे आहे.

मागणी पहिली : सीलबंद अस्सल बॅटरी ठरलेल्या छापील दरात स्वतंत्र कारागिरांना विका. लिथियम बॅटरीला भारतीय मानक ब्युरोची नोंदणी सक्तीची आहे. तिच्यावर आयएस १६०४६ हा मानक क्रमांक आणि ‘आर’ने सुरू होणारा नोंदणी क्रमांक असावा लागतो, आणि बीआयएस केअर ॲपमध्ये तो टाकून पाहता येतो. त्याच्या जोडीला उत्पादनाचा महिना-वर्ष ठसठशीत छापा. कपाटात पडून राहिलेली बॅटरीही म्हातारी होते.

मागणी दुसरी : कारागिरांना शिकवा. आयटीआयमध्ये स्मार्टफोन तंत्रज्ञाचा अभ्यासक्रम आहे, त्याला साधनं आणि शिकवणारी माणसं द्या. जे आधीपासून दुकान चालवतात त्यांच्यासाठी जिल्ह्याच्या ठिकाणी दोन दिवसांचा वर्ग घ्या, मराठीत घ्या, आणि उत्तीर्ण झालेल्याला भिंतीवर लावायला प्रमाणपत्र द्या.

मागणी तिसरी : हे होईपर्यंत गाडी पाठवा. ही कल्पना माझी नाही. सॅमसंगने २०१६ मध्येच ग्रामीण भागासाठी ५३५ सर्व्हिस व्हॅन जाहीर केल्या होत्या. सगळ्या कंपन्यांनी मिळून तालुक्याला महिन्यातून एक दिवस ठरवला, आठवडी बाजाराच्या दिवशी गाडी उभी केली, आणि कुठल्या मॉडेलच्या बॅटऱ्या हव्यात याची नोंद आधी फोनवर घेतली, तर कुणालाही फोन ठेवून यावं लागणार नाही.

मागणी चौथी : बॅटरीची तब्येत सेटिंगमध्ये दाखवा. आयफोनमध्ये २०१८ पासून ती टक्क्यांत दिसते. स्वस्त फोनमध्येही दिसली पाहिजे, कारण बॅटरी गेली की चार्जर बिघडला हे ओळखता न आल्याने गरीब माणूसच आधी चार्जरवर, मग केबलवर आणि शेवटी नव्या फोनवर पैसे घालतो. यात तुमचा एक फोन जास्त खपतो, हे मला कळतं. ॲपलने जुन्या बॅटरीचे फोन गुपचूप संथ केल्याचं २०१७ च्या डिसेंबरमध्ये कबूल केलं, तेव्हा लोकांचा संताप याच संशयापोटी होता. कंपनीला बॅटरी बदलण्याचा दर भारतात ६५०० वरून २००० रुपयांवर आणावा लागला. म्हणजे दर खाली येऊ शकतो, हेही त्या वेळी सगळ्यांनी पाहिलं.

मागणी पाचवी : डब्यातल्या चिमुकल्या पुस्तिकेत एक पान मराठीत घाला. बॅटरी फुगल्यास फोन चार्जिंगला लावू नका, झाकण दाबून बसवू नका, टाचणी टोचून हवा काढायला जाऊ नका, फोन बंद करून कापडा-कागदापासून लांब ठेवा आणि लवकर कारागिराकडे न्या. एवढी पाच वाक्यं छापायला किती शाई लागते?

मागणी सहावी : जुन्या बॅटऱ्यांची पेटी ग्रामपंचायतीच्या किंवा दुकानाच्या आवारात ठेवा आणि ती ठरल्या दिवशी रिकामी करा. जुनी बॅटरी परत देणाऱ्याला नव्या बॅटरीत थोडी सूट दिलीत तर उकिरड्यावर एकही दिसणार नाही.

तुमच्या बाजूचं एक म्हणणं मला मान्य आहे. अडाणी हाताने फोन उघडला, आग लागली, तर नाव तुमचं जातं. भीती खरी आहे. पण फोन आजही उघडले जात आहेत, रोज, प्रत्येक तालुक्यात. तुम्ही भाग न दिल्याने ते थांबलेले नाहीत, फक्त त्यांच्यात बसणारी बॅटरी कुणाची आहे हे कुणालाच माहीत नाही. नाव तर दोन्हीकडून तुमचंच जाणार आहे.

तोवर आम्ही आमच्यापुरतं बघतोच आहोत. जिथे फोन समोर उघडतात, बॅटरीवरचा क्रमांक तपासू देतात, तारखेसह पक्कं बिल देतात आणि लॉकचा पॅटर्न मागत नाहीत, तिथेच काम द्यायचं. ‘आत्ता टाकून देतो, बिल कशाला’ म्हणणाऱ्या दुकानातून फोन उचलून घरी यायचं. बॅटरी फुगलेली असेल आणि जवळ खात्रीचा कारागीर नसेल, तर ओटीपी साध्या फोनवर घ्यायचे आणि स्मार्टफोन बंद ठेवायचा. फसवणूक झाली तर १९१५ या राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनवर तक्रार नोंदवायची, जिल्हा ग्राहक आयोगही आहे. ग्राहक शहाणा होऊ शकतो. पण बाजारात नसलेली अस्सल बॅटरी शहाणपणाने पैदा होत नाही.

या पत्राला ‘आपली तक्रार आमच्यासाठी महत्त्वाची आहे’ असं ठोकळेबाज उत्तर पाठवू नये, ही विनंती. काही पाठवायचंच असेल तर एक यादी पाठवा. वाशिम जिल्ह्यात सहा तालुके आहेत : वाशिम, मालेगाव, रिसोड, मंगरूळपीर, कारंजा, मानोरा. प्रत्येक तालुक्यासमोर एका दुकानाचा पत्ता, तिथे मिळणाऱ्या बॅटऱ्यांची मॉडेलं आणि छापील दर. ही यादी ग्रामपंचायतीच्या फलकावर लावण्याचं काम मी स्वतः करीन. सहा ओळींत कुठल्या कंपनीच्या किती जागा रिकाम्या राहतात, हे पुढचा फोन घेताना गावकरी आपलं आपण वाचतील.

कळावे, लोभ असावा.

आपला,
तुमचे फोन वापरणारा एक ग्राहक
शिरपूर जैन, ता. मालेगाव, जि. वाशिम